लंबकाचा प्रयोग: घड्याळ दाबताना ‘एक’ म्हणू नका

लंबकाच्या दोलनांवरून काढलेलं गुरुत्वत्वरण (खाली पडणाऱ्या वस्तूचा वेग दर सेकंदाला जितका वाढतो ते) प्रॅक्टिकलच्या वहीत ९.८ ऐवजी १०.८६ दिसलं की मी एवढंच विचारते, “घड्याळ दाबलंस तेव्हा तोंडाने काय म्हणालास?” उत्तर ठरलेलं असतं: “एक.”

घोळ तिथेच होतो. स्टॉपवॉच सुरू होतं त्या क्षणी एकही दोलन, म्हणजे जाऊन परत येण्याची पूर्ण फेरी, झालेलं नसतं. ‘एक’पासून ‘वीस’पर्यंत मोजलं की दोलनं भरतात १९, आणि आपण भागतो २० ने. एक मीटर लांबीच्या लंबकाचा दोलनकाल, म्हणजे एका दोलनाचा वेळ, २.०१ सेकंद यायला हवा, तो १.९१ येतो. गुरुत्वत्वरणाच्या सूत्रात भाजकात दोलनकालाचा वर्ग आहे, त्यामुळे पाच टक्क्यांची चूक गुरुत्वत्वरणात जवळपास अकरा टक्क्यांची होते आणि ९.८ चे १०.८६ होतात. म्हणून घड्याळ दाबताना “शून्य” म्हणा, अगदी मोठ्याने.

मोजणी टोकापासूनही सुरू करू नका. टोकाला गोळा थबकतो, तो नेमका कधी वळला ते डोळ्याला कळत नाही. मध्यावर तो सर्वांत वेगात असतो. दोऱ्याच्या मागे खडूने उभी रेघ मारा, दोरा डावीकडून उजवीकडे ती रेघ ओलांडेल तेव्हाच आकडा म्हणा. परतीच्या वेळीही मोजलंत तर अर्ध्या दोलनाला पूर्ण धरल्यासारखं होईल. सेकंद लंबकाचा दोलनकाल १ सेकंद लिहिणारी मुलं हेच करतात. तो एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला १ सेकंदात जातो. दोलनकाल २ सेकंद, वारंवारता (दर सेकंदाला होणारी दोलनं) ०.५ हर्ट्झ.

आयामाचंही, म्हणजे मध्यापासून टोकापर्यंतच्या अंतराचंही, तसंच. स्प्रिंगला टांगलेलं वजन वरच्या टोकापासून खालच्या टोकापर्यंत ८ सेंमी फिरत असेल, तर आयाम ४ सेंमी. ८ लिहिलंत तर ऊर्जा थेट चौपट येईल.

आयाम वाढवला की वेळ जास्त लागेल, असं मनाला वाटतंच. पण अंतर दुप्पट झालं की वेगही दुप्पट होतो, त्यामुळे दोलनकाल तोच राहतो. लंबकाच्या बाबतीत मात्र हे लहान कोनापुरतंच खरं: १० अंशांना फरक ०.२ टक्के, ६० अंशांना ७ टक्क्यांहून जास्त. गोळा हौसेने लांब ओढू नका.

गणितात दोलनाचं समीकरण ‘५ साइन (४ पाय टी)’ असं दिसलं (टी म्हणजे वेळ) की ४ पायला वारंवारता म्हणायची घाई होते. ती कोनीय वारंवारता आहे, दर सेकंदाला किती रेडियन ते सांगणारी (रेडियन हे अंशासारखंच कोनाचं एकक; पूर्ण फेरी म्हणजे २ पाय रेडियन). तिला २ पायने भागा: वारंवारता २ हर्ट्झ, दोलनकाल ०.५ सेकंद. आणि कॅल्क्युलेटर रेडियनवर ठेवा. ‘४ साइन (२ टी)’ मध्ये टी = १ घातल्यावर ३.६४ ऐवजी ०.१४ आलं, तर तो अंशांवर राहिलाय.

राहिली लांबी. ती दोऱ्याच्या वरच्या टोकापासून गोळ्याच्या मध्यापर्यंत धरा, हुकापर्यंत नव्हे.