काचेच्या कौलाखाली काळा कागद पांढरा कसा दाखवावा

उजेड-सावलीची प्रायोगिक फिल्म म्हटलं की लोक आधी लाइट भाड्याने आणायला धावतात. कोकणातल्या कौलारू घरात, माजघरावर एक काचेचं कौल असलं की काम भागतं.

आडेमार गेल्ब या मानसशास्त्रज्ञाने १९२९ साली दाखवलं, की अंधारात फक्त काळ्या चकतीवर प्रखर उजेड पडला तर ती पांढरी भासते. त्याच उजेडात शेजारी खरा पांढरा कागद आला की क्षणात काळी पडते. डोळा रंग ठरवतो तो शेजारच्याशी ताडून.

रत्नागिरीकडे मेच्या पहिल्या पंधरवड्यात साडेबाराच्या सुमारास सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो. तिरीप सरळ खाली उतरते. दारं-खिडक्या लावा, मागे काळी घोंगडी टांगा, जमिनीवर काळं कापड पसरा. चकती वाटीएवढी, बिनचकाकीच्या काळ्या कार्डशीटची. ती काळ्या दोऱ्याने वाशाला बांधा आणि खालची कड दुसऱ्या दोऱ्याने कॅमेऱ्याकडे ओढून ठेवा, नाहीतर ऊन नुसतं कडेवरून घसरतं. चूल पेटती नको. धुरात तिरीप सुंदर दिसते, पण उजेड कुठून येतोय हे कळलं की भास ओसरतो.

आता एक्स्पोजर, म्हणजे कॅमेरा किती उजेड घेतो ते. सगळे इथेच फसतात. ‘अंधार आहे, आयएसओ (कॅमेऱ्याची उजेड टिपायची संवेदनशीलता) वाढवा’ हा सल्ला अजिबात ऐकू नका. मोबाइल ऑटोवर असला की काळी चकती स्वतःच करडी करून टाकतो आणि पांढरा कागद येताच सगळी फ्रेम काळोखी करतो. मग प्रेक्षकाला दिसतो तो कॅमेऱ्याचा बदल. डोळ्याची गंमत मेलीच. म्हणून आधी पांढरा कागद तिरिपीत धरा, त्याचा पोत दिसेपर्यंत उजेड उतरवा, एक्स्पोजर लॉक करा आणि मगच कागद काढा. स्क्रीनवर चकती फारच मंद वाटेल. वाटू दे, हात लावू नका. नंतर एडिटिंगमध्ये कॉन्ट्रास्ट ताणाल तर अंधारातली घोंगडी वर येईल आणि सगळं मुसळ केरात.

कागद काजळी फासलेल्या हिराच्या काडीला चिकटवून आत सरकवा. बोटं तिरिपीत आली तर उजळ कातडीशेजारी चकती आधीच काळी पडते.

शॉट सलग घ्या: चकती, कागद आत, थोडं थांबून कागद बाहेर. कागद गेला की ती पुन्हा उजळते, खरं काय ते माहीत असूनही. कट केलात तर कुणी विश्वास ठेवणार नाही. रेंगाळू नका, चार मीटर उंचीवरच्या कौलाचा कवडसा जमिनीवर मिनिटाला दीड सेंटिमीटरहून जास्त सरकतो.

फिल्म दाखवा ती काळोख्या खोलीत, मोठ्या पडद्यावर. अंगणात मोबाइलवर पाहिली तर चकती काळीच दिसेल.