दुर्गम आदिवासी वस्तीला एक दिवसाची भेट: कशी ठरवावी, कशी द्यावी

गाईडबरोबर एखाद्या दुर्गम आदिवासी वस्तीला दिवसभरासाठी जाण्याचा बेत ठरू लागला की तिथे काय पाहायला मिळेल, किती चालावे लागेल, फोटो काढता येतील का, असे प्रश्न आपण आयोजकाला ओळीने विचारतो. परंतु या सगळ्यांच्या आधी विचारण्याचा प्रश्न हा, की आपण तिथे यावे असे ठरवले कोणी. वस्तीने ठरवले असेल तर आपण पाहुणे आहोत आणि आयोजकाने परस्पर ठरवले असेल तर आपण कोणाच्या तरी अंगणात न विचारता शिरणारी माणसे आहोत. या प्रश्नाचे उत्तर पैसे भरण्यापूर्वी मिळवावे, कारण एकदा पैसे भरले की नको ते उत्तर ऐकण्याची आपली तयारी कमी होते.

काही ठिकाणी हे उत्तर कधीच मिळालेले आहे आणि ते नकाराचे आहे. अंदमानातील उत्तर सेंटिनेल बेटावर बाहेरच्यांना दूर ठेवणारा सेंटिनेली समूह राहतो; त्या बेटाच्या भोवती पाच सागरी मैलांच्या आत जाण्यास कायद्याने बंदी आहे. अंदमानातल्याच जारवा या आदिवासी समूहाच्या राखीव क्षेत्रातून जाणाऱ्या अंदमान ट्रंक रोडवर गाड्या ताफ्याने सोडल्या जातात. वाटेत थांबणे, फोटो काढणे, खाण्याच्या वस्तू देणे यांना मनाई आहे. तरीही जारवा स्त्रियांना खाऊच्या बदल्यात नाचायला लावल्याची चित्रफीत २०१२ साली उघडकीस आली आणि पर्यटनाच्या नावाखाली काय चालले होते ते सर्वांना दिसले. ब्राझीलने १९८७ पासून असे धोरण ठेवले आहे की बाहेरच्या जगापासून दूर राहणाऱ्या समूहांशी आपणहून संपर्क साधायचा नाही. त्यामुळे ‘नशीब असेल तर दिसतील’ अशा शब्दांत कोणी सहल विकत असेल तर तिथेच बोलणे थांबवावे. ज्यांनी बोलावलेले नाही त्यांना लांबून पाहण्यासाठी जाणे हीसुद्धा घुसखोरीच आहे.

उरलेल्या वस्त्यांबाबत आयोजकाला नेमके प्रश्न विचारता येतात. वस्तीतील लोक स्वतःला कोणत्या नावाने ओळखतात? भेटीची परवानगी कोण देते, ग्रामसभा, वडीलधाऱ्यांची बैठक की एखादी निवडून आलेली परिषद? एका दिवशी किती माणसे जाऊ शकतात आणि हा आकडा कोणी ठरवला? आपण भरलेल्या रकमेतला कोणता भाग वस्तीच्या हाती पडतो आणि तो एका घराला मिळतो की सामाईक निधीत जातो? गाईड त्याच समाजाचा आहे का, आणि नसेल तर त्याला त्यांची भाषा येते का? वस्तीशी खरा संबंध असलेला आयोजक या प्रश्नांना कंटाळत नाही. उलट माणसांची नावे घेऊन, अमुक महिन्यात पेरणी असते म्हणून आम्ही जात नाही, असे तपशील देऊन तो उत्तर देतो. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने १३ सप्टेंबर २००७ रोजी मूलनिवासींच्या हक्कांचा जाहीरनामा स्वीकारला, त्यात मुक्तपणे, आधी आणि पूर्ण माहितीसह दिलेल्या संमतीचे तत्त्व आहे. ते प्रामुख्याने सरकारांना उद्देशून असले तरी एका दिवसाच्या सहलीलाही हीच कसोटी लावावी, असे मला मनापासून वाटते.

संमतीचा देखावा आणि संमती यांतला फरक दोन उदाहरणांवरून कळतो. पनामाच्या कॅरिबियन किनाऱ्यावरील गुना लोकांनी १९२५ साली उठाव करून पुढे स्वायत्तता मिळवली आणि आज ‘गुना याला’ या त्यांच्या स्वायत्त प्रदेशात पाहुण्यांसाठीचे नियम त्यांची स्वतःची काँग्रेस, म्हणजे प्रतिनिधींची सर्वोच्च सभा, ठरवते. तिथे स्कूबा डायव्हिंगला परवानगी नाही आणि याबाबत बाहेरच्या कोणाचे काही चालत नाही. उत्तर थायलंडमध्ये गळ्यात पितळी वेटोळी घालणाऱ्या कायान स्त्रियांची गावे मात्र पर्यटकांना तिकीट लावून दाखवली जातात. ही कुटुंबे मूळची म्यानमारमधून आलेली निर्वासित. त्यांतल्या काहींना दुसऱ्या देशात स्थायिक होण्याची संधी मिळाली असताना बाहेर जाऊ दिले जात नव्हते, म्हणून २००८ साली संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासितविषयक संस्थेने यावर जाहीर हरकत घेतली होती. दोन्ही ठिकाणी पाहुण्यांचे स्वागत हसतमुखाने होऊ शकते. पण यजमानाला ‘आज नको’ म्हणता येते का, हे बाहेरून आलेल्याला दिसत नाही. ते आधीच विचारून घ्यावे लागते.

परवाना लागत असेल तर तो कोणाच्या नावाने निघतो, हे तपासावे. ऑस्ट्रेलियातील आर्न्हेम लँडमध्ये जाण्यासाठी जमिनीच्या पारंपरिक मालकांच्या संमतीने दिला जाणारा परवाना लागतो. आयोजक ‘सगळे आम्ही बघतो’ म्हणाला तरी परवान्याची प्रत मागून ती जवळ ठेवावी.

आता सर्वांत महत्त्वाची गोष्ट, आणि सहलीच्या माहितीपत्रकात ती क्वचितच असते: आजार. आपल्याला दोन दिवसांत बरा होणारा ताप दुर्गम वस्तीत पसरला तर पहिला दवाखाना कित्येक तासांच्या अंतरावर असतो आणि बाहेरच्या जगाशी फारसा संबंध न आलेल्या लोकांमध्ये अशा रोगांविरुद्धची प्रतिकारशक्तीही तयार झालेली नसते. जारवांचे बाहेरच्यांशी येणे-जाणे सुरू होऊन फार काळ झाला नव्हता, तोच १९९९ साली त्यांच्यात गोवराची साथ आली. पेरूमधील नाहुआ लोकांचा १९८४ साली लाकूडतोड्यांशी संपर्क झाला आणि पुढच्या काही वर्षांत श्वसनाच्या आजारांनी त्यांच्यातील फार मोठ्या संख्येने माणसे दगावली. पाहुण्यांना बोलावणाऱ्या वस्त्या इतक्या एकाकी नसतात हे खरे. तरीही गोवराचे आणि फ्लूचे लसीकरण पूर्ण झालेले असावे, आणि लशीचा परिणाम दिसायला साधारण दोन आठवडे लागत असल्याने ते शेवटच्या दिवसावर टाकू नये. निघण्याच्या दिवशी घसा खवखवत असेल, नाक वाहत असेल, ओठाशेजारी तापाची पुळी आली असेल किंवा पोट बिघडले असेल, तर जाऊ नये. हे ऐनवेळी पाळणे जड जाते, कारण रजा घेतलेली असते आणि पैसे भरलेले असतात. म्हणून आजारपणात तारीख बदलून देणाराच आयोजक निवडावा आणि तसे लिहून घ्यावे. वस्तीत पोहोचल्यावर कोणाचे तान्हे बाळ कितीही गोड वाटले तरी उचलून घेऊ नये, एका भांड्यातून पाणी पिऊ नये आणि शिंक आली तर बाजूला व्हावे.

सामान थोडेच न्यावे. अंग झाकणारे साधे कपडे, पाण्याची बाटली, पावसाचा अंगरखा, स्वतःची औषधे आणि आपला कचरा परत आणण्यासाठी एक पिशवी एवढे पुरते. वाट नदीची असेल आणि एकाच खोडातून कोरलेल्या होडीतून जायचे असेल तर पाऊल होडीच्या मधोमध ठेवावे, लगेच खाली बसावे, आणि कोणी हाक मारली तरी उभे राहून वळू नये. परतीचा प्रवास उजेडात व्हायला हवा, म्हणून गाईडने निघण्याची जी वेळ ठरवली असेल ती बिनतक्रार पाळावी.

वस्तीत शिरताना गाईडच्या पुढे जाऊ नये. बहुतेक ठिकाणी आधी कोणाला तरी भेटायचे असते. ती भेट होईपर्यंत थांबावे, चष्मा गडद असेल तर काढावा आणि नमस्काराचा त्यांचा शब्द गाईडकडून वाटेतच शिकून घ्यावा. तिथे एखाद्या तरुणाच्या हातात मोबाईल दिसेल, अंगात टीशर्ट असेल, घरावर पत्रा असेल, आणि ‘हे खरे आदिवासी नव्हेत’ असा विचार मनात डोकावेल. तो तिथल्या तिथे खोडून काढावा. लोकांनी आपल्या कल्पनेतल्या काळात राहावे, अशी अपेक्षा करण्याचा हक्क आपल्याला कोणी दिलेला नाही. नाच किंवा गाणे पाहुण्यांसाठी सादर केले जात असेल तर ते तसेच समजून मन लावून पाहावे; पाहुण्यांसाठी केले म्हणून ते खोटे होत नाही. पनामातील एम्बेरा लोक पाहुण्याच्या हातावर जाग्वा नावाच्या फळाच्या रसाने नक्षी काढतात. लावताना तो रंग अगदी फिकट असतो, काही तासांत निळसर काळा होतो आणि पुढचे दहाएक दिवस साबणाने निघत नाही. तेव्हा हात पुढे करण्यापूर्वी हे लक्षात घ्यावे.

कॅमेरा पिशवीत ठेवून सुरुवात करावी. अमेरिकेतील होपी गावांमध्ये छायाचित्रणच नव्हे, तर रेखाटन आणि ध्वनिमुद्रणही निषिद्ध आहे. अन्यत्र वस्तीने फोटोचे शुल्क ठरवले असेल तर ते निमूट द्यावे, नसेल तर प्रत्येक माणसाला दुभाष्यामार्फत विचारावे आणि हा फोटो कुठे दिसणार आहे तेही सांगावे. गप्प राहणे म्हणजे होकार नव्हे. मुलांचे फोटो आईवडिलांना विचारल्याशिवाय काढू नयेत.

मुलांना गोळ्या-चॉकलेटे वाटू नयेत. त्याने दात किडतात आणि हात पसरण्याची सवय लागते. काही द्यायचेच असेल तर वस्तीच्या निधीत द्यावे किंवा त्यांनी बनवलेली वस्तू विकत घ्यावी. विकत घेताना ती नीट पाहणे हाही मान आहे. गुना स्त्रियांचा मोला, म्हणजे नक्षीदार शिवलेले कापड, पाहा: रंगीत कापडे एकावर एक ठेवून वरचे कापड नक्षीप्रमाणे कापलेले असते, कापलेली प्रत्येक कड आत दुमडून इतक्या बारीक टाक्यांनी शिवलेली असते की ते शोधावे लागतात, आणि दोन कडांच्या मधून खालचा रंग रेघेसारखा वर येतो. असा एक तुकडा पुरा व्हायला कित्येक दिवस लागतात. त्यावर घासाघीस करणे मला पटत नाही. परवडत नसेल तर लहान तुकडा घ्यावा.

परतल्यावर फोटो टाकताना वस्तीचे नेमके ठिकाण दाखवणारी खूण काढून टाकावी, कारण त्या खुणेच्या आधाराने उद्या कोणी गाईडशिवाय तिथे जाऊ शकते. ज्यांचे फोटो काढले त्यांना छापील प्रती गाईडबरोबर पाठवाव्यात. आणि भेटीनंतरच्या दोन आठवड्यांत ताप, खोकला किंवा अंगावर पुरळ आले तर त्याच दिवशी आयोजकाला कळवून निरोप वस्तीपर्यंत पोहोचला की नाही याची खात्री करून घ्यावी, म्हणजे तिथे कोणाला लक्षणे दिसताच दवाखान्याची वाट वेळेवर धरता येईल.