व्हीबी ६ चं पुस्तक घेताना आधी 'कॅप्शन' शोधा

दुकानातलं, कारखान्यातलं जुनं सॉफ्टवेअर सांभाळायला व्हिज्युअल बेसिक ६ शिकायचंय? मग पुस्तक १९९८ ते २००१ च्या सुमाराचं बघा. २००२ मध्ये व्हिज्युअल बेसिकचा डॉटनेट हा नवा अवतार आला. नाव तेच राहिलं, भाषा मात्र आतून पार बदलली. जुन्या पुस्तकांच्या दुकानात उभ्या उभ्या एवढं तपासा: लेबलवरचा मजकूर बदलायला 'कॅप्शन' लिहिलंय की 'टेक्स्ट'? 'टेक्स्ट' असेल तर ते डॉटनेटचं, परत ठेवा. 'इंटिजर'ची, म्हणजे पूर्णांक ठेवायच्या प्रकाराची, कमाल मर्यादा ३२,७६७ दिली असेल तर ते व्हीबी ६ चंच, खुशाल घ्या. सीडी हरवलेली असली तरी चालेल, उदाहरणं स्वतः टाइप केल्यानंच हात बसतो. एडीओवरचं, म्हणजे प्रोग्राम डेटाबेसला जोडण्याच्या तंत्रावरचं, प्रकरण मात्र हवंच. जुन्या बिलिंग प्रोग्राममध्ये गाडी बहुतेक वेळा डेटाबेसपाशीच अडते.