ओव्हनमधल्या भरल्या तिसऱ्या : या चुका टाळा

बेळगावात भरल्या तिसऱ्या (खाडीतले छोटे शिंपले) बेक करायच्या म्हणजे पहिली अडचण ओव्हनची नाही, घाटाची. मालवण-वेंगुर्ल्याचा माल आंबोली चढून येतो, गोव्याचा चोर्ल्यातून. इथे पोचेपर्यंत तिसऱ्यांना पाणी सोडून बरेच तास झालेले असतात. रेसिपीच्या व्हिडिओत हा भाग कुणी दाखवत नाही. करणारा समुद्राकाठचा असतो, त्याला गरजच नसते.

म्हणून वाटा (विकायला लावलेला ढीग) घेताना घाई नको. कॅम्पातल्या फिश मार्केटात रविवारी झुंबड असते, मावशी भराभर पिशवीत ओतत असते, तरी हात घालून बघाच. मिटलेली असेल तर बहुतेक जिवंत. थोडी उघडी दिसली तर दुसरीवर टक्कन आपटा. हळूहळू का होईना, मिटली तर चालेल. आ वासून तशीच राहिली तर ती मेलेली, बाजूला काढा. मिटलेल्यांतही एखादी ठग निघते. आत जीव नाही, नुसता चिखल. हाताला ती उगाच जड लागते आणि अंगठ्याने आडवी रेटली की दोन्ही शिंपल्या एकमेकींवरून सरकतात. अशी एक जरी पातेल्यात गेली तरी सगळा रस गढूळ.

घरी आल्यावर त्या साध्या पाण्यात भिजत घालणं ही तर सर्रास होणारी चूक. खाडीतला जीव तो, गोड्या पाण्यात तोंड मिटून बसतो, फार वेळ ठेवला तर मरतो, आणि वाळू राहते आतच. लिटरभर पाण्याला ३५ ग्रॅम मीठ घाला, म्हणजे साधारण २ मोठे चमचे. समुद्राचं पाणी जवळपास इतकंच खारट असतं. पसरट भांड्यात, अंधाऱ्या जागी तास-दोन तास ठेवा आणि मग तिसऱ्या हाताने उचलून घ्या. भांडं चाळणीत उपडं केलंत तर खाली बसलेली वाळू पुन्हा त्यांच्याच अंगावर. फ्रीजमध्ये ठेवायच्या तर ओल्या फडक्याखाली. गाठ मारलेल्या पिशवीत त्या गुदमरतात.

उकडताना अर्धी वाटी पाणी, घट्ट झाकण, मोठी आच. जी उघडेल ती लगेच बाहेर काढा. सगळ्या उघडायची वाट बघत बसलात तर पहिल्या उघडलेल्या चिवट होतात, आणि ओव्हनमध्ये त्या आणखी आवळतात. शेवटपर्यंत न उघडलेली सुरीने उघडू नका, टाकून द्या. तळाचं पाणी मात्र टाकलंत तर सगळी चवच मोरीत गेली. निवळू द्या, मलमलीतून गाळा आणि सारणात घाला. ते खारट असतं, म्हणून वरून मीठ चाखूनच.

अमेरिकेत ऱ्होड आयलंडकडे ही भरली शिंपली क्वाहॉग नावाच्या चांगल्या मोठ्या जातीची करतात. आपल्या तिसऱ्या लहान. एकेक भरत बसलात तर सारण चिमूटभर मावतं आणि भाजून खडा होतं. दोन-तीन तिसऱ्यांचं मांस चिरून एका मोठ्या शिंपलीत भरा. मोठ्या मिळाल्याच नाहीत तर ओव्हनच्या काचेच्या वाटीत भरा. फोटोला मार खाईल, खायला उत्तम. तिकडे त्यात पोर्तुगीज वळणाचं सॉसेज पडतं. आपल्याला घाट उतरला की गोव्याचं चोरिस आहेच. ते आधी परतून, हात राखूनच घाला.

सारणात रवा नको. मासे घोळवायला तो ठीक, पण इथे दाताखाली करकरला की रवा की वाळू, कळत नाही, आणि पाहुणा घास तोंडात धरून तुमच्याकडे बघत बसतो. शिळ्या पावाचा चुरा घ्या. कांदा-लसूण पाणी आटेपर्यंत लोण्यात परता, कोथिंबीर, मिरची, आणि पुरेल इतकाच रस. मुठीत दाबल्यावर सारण धरलं पाहिजे, बोटांतून पाणी निथळता कामा नये. प्रोसेस्ड चीजचा थर देणाऱ्यांनी सरळ पिझ्झा करावा.

मांस आधीच शिजलेलं आहे, त्यामुळे ओव्हनचं काम फक्त वरून खरपूस करण्याचं. २०० अंशांवर आधी तापवा, वरची जाळी, १० ते १२ मिनिटं. ट्रेवर खडे मीठ पसरून त्यात शिंपल्या बसवल्या तर कलंडत नाहीत. लिंबू बाहेर काढल्यावर पिळा, नाहीतर चुरा पुन्हा ओला. पाहुणे येणार असतील तर सकाळी भरून फ्रीजमध्ये ठेवा आणि पानं घेतल्यावर ओव्हनमध्ये टाका. गारच आत जाणार, तेव्हा आणखी ४-५ मिनिटं द्या.