‘टॅक्सवाले’ म्हणजे नेमके कोण? हा शब्द वापरताना या चुका टाळा

‘दुकानावर टॅक्सवाले आलेत.’ एवढ्या निरोपावर कोणी घाबरू नये आणि कोणी बातमीही लिहू नये. हे टॅक्सवाले प्राप्तिकर विभागाचे असतील, केंद्राच्या जीएसटीचे असतील, राज्याच्या जीएसटीचे असतील, नाहीतर थकलेल्या मालमत्ता कराची नोटीस चिकटवायला आलेले महापालिकेचे लोक असतील. चौघांचे कायदे वेगळे, अधिकार वेगळे, आणि दारात आल्यावर ते काय मागू शकतात हेही वेगळे. बोलताना एक शब्द सगळ्यांना पुरतो, कारण ऐकणाऱ्याला संदर्भ ठाऊक असतो. तोच शब्द संदर्भाबाहेर गेला, लेखात, तक्रारअर्जात किंवा घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर, की घोटाळे सुरू होतात.

‘आमचे टॅक्सवाले’ आणि नुसते ‘टॅक्सवाले’

व्यापाऱ्यांच्या बोलण्यात हा फरक पक्का आहे. ‘आमच्या टॅक्सवाल्यांना विचारून सांगतो’ म्हणजे रिटर्न भरणारे करसल्लागार किंवा सीए. ‘टॅक्सवाल्यांनी विचारलंय’ म्हणजे सरकारी खाते. मागे ‘आमचे’, ‘त्यांचे’, ‘नेहमीचे’ लागले की माणूस आपल्या बाजूचा. काहीच लागले नाही की समोरच्या बाजूचा. मुलाखतीचे शब्दांकन करताना ‘आमचे’ गळाले तर अर्थ उलटतो. सल्लागाराने दिलेला सल्ला सरकारी अधिकाऱ्याच्या तोंडी जातो, आणि मग खुलासा छापावा लागतो.

‘वाला’ लावताना होणाऱ्या चुका

‘वाला’ प्रत्ययात अपमान असतोच असे नाही. दूधवाला, पेपरवाला हे रोजचे साधे शब्द आहेत. पण अधिकारपदाला तो लागला की अंतर दिसते. त्यातही ‘टॅक्सवाला आला होता’ हे एकवचन तुच्छतेचे, तर ‘टॅक्सवाले आले होते’ यात एकच माणूस असला तरी आदरार्थी बहुवचनाने धार कमी होते. विभक्ती लागताना ‘टॅक्सवालेंनी’, ‘टॅक्सवालेंना’ लिहू नका. सामान्यरूप होते: टॅक्सवाल्याने, टॅक्सवाल्यांनी, टॅक्सवाल्यांना. अधिकारी महिला असेल तर ‘टॅक्सवाली’ कानाला खटकते. बोलण्यात लोक आपसूक ‘टॅक्सच्या मॅडम’ म्हणतात आणि तेच चांगले.

‘टॅक्स’ हा परका शब्द नको म्हणून कोणी ‘करवाले’ लिहितात. हा शब्द मराठीत कोणी बोलत नाही, तो फक्त लिहिलेला दिसतो. शिवाय संस्कृतात ‘करवाल’ म्हणजे तलवार; करदात्याच्या दृष्टीने ते फार चुकीचे नाही, पण तेवढ्यासाठी शब्द घडवायला नको. शुद्ध मराठीच हवी असेल तर सरळ विभागाचे नाव लिहा. आणि ते ‘प्राप्तिकर’ असे, ऱ्हस्व ‘प्ति’ने. सुटा शब्द ‘प्राप्ती’ दीर्घ असला तरी समासात पहिल्या जागी आलेला तत्सम शब्द मूळचे ऱ्हस्व रूप ठेवतो. ‘आयकर’ही चालतो, सरकारी पाट्यांवर बहुधा तोच दिसतो, मात्र एका लेखात एकच ठेवा. दोन्ही मिसळले की वाचकाला दोन वेगळे कर वाटतात.

‘वसुलीवाले’ हा पर्याय नाही

मूळ अर्थाने यात काही वावगे नाही. वसूल करणे म्हणजे येणे असलेली रक्कम हाती आणणे; पालिकेत वसुली लिपिक असतो, तहसील कार्यालयात वसुलीचे उद्दिष्ट ठरते. पण बाहेरच्या बोलीत ‘वसुलीवाले’ म्हटले की दोनच चित्रे उभी राहतात: थकलेल्या कर्जासाठी फोन करणारे बँकेचे किंवा फायनान्स कंपनीचे लोक, नाहीतर हप्ते गोळा करणारे गुंड. राजकीय भाषणांनी या शब्दाला खंडणीचा वास चिकटवलाच आहे. (खंडणीचेही तसेच झाले. एके काळी मांडलिकाने द्यायची ती रक्कम. आज भारतीय न्याय संहितेतला गुन्हा डोळ्यांपुढे येतो.) एखाद्या कर अधिकाऱ्याला लेखात ‘वसुलीवाला’ म्हटले तर तो केवळ अनौपचारिक शब्द राहत नाही, आरोप होतो. ‘कराची वसुली’ लिहा, ‘करवसुली’ लिहा; माणसाला ‘वसुलीवाला’ म्हणू नका.

‘टॅक्सवाल्यांची धाड पडली’: पडली का खरेच?

सर्वांत महागात पडणारी चूक ही. प्राप्तिकर विभागाची माणसे व्यवसायाच्या जागी येण्याचे दोन मुख्य प्रकार आहेत: सर्वेक्षण, म्हणजे बोलीतला ‘सर्व्हे’, आणि झडती व जप्ती, म्हणजे ज्याला सगळे ‘रेड’, धाड किंवा छापा म्हणतात. १९६१ च्या प्राप्तिकर कायद्यात झडती कलम १३२ मध्ये होती, सर्वेक्षण कलम १३३अ मध्ये. १ एप्रिल २०२६ पासून २०२५ चा नवा कायदा लागू झाल्याने कलमांचे क्रमांक बदलले. दोन प्रकारांतला भेद कायम आहे.

सर्व्हेत अधिकारी व्यवसायाच्या जागी, ती उघडी असण्याच्या वेळेतच आत येऊ शकतात. हिशेबाच्या वह्या पाहतात, रोकड मोजतात, मालाची यादी करतात, जबाब घेतात. वह्या-कागद कारण नोंदवून ताब्यात घेता येतात. मात्र रोख रक्कम आणि माल उचलून नेता येत नाही. झडतीत घरही येते, कुलूप तोडता येते, न दाखवलेली रोकड आणि दागिने जप्त होतात, आणि त्यासाठी वरिष्ठांचे अधिकारपत्र, म्हणजे वॉरंट लागते.

मग बातमी लिहिताना ओळखायचे कसे? ‘किती लोक आले’, ‘किती गाड्या होत्या’ हे प्रश्न निरुपयोगी आहेत. सर्व्हेलाही दहा जण येतात. विचारायचे ते असे: वॉरंट दाखवले का? पंच बोलावले का? पंचनामा झाला का? घरी गेले का? झडतीत किमान दोन पंचांसमक्ष पंचनामा होतो. चारही उत्तरे ‘नाही’ आली तर तो सर्व्हे असण्याचीच शक्यता मोठी, आणि मथळ्यात ‘धाड’ घालू नये. सर्व्हेला धाड म्हटल्याने त्या दुकानदाराची बाजारातली उधारी दुसऱ्या दिवशी बंद होते. नंतरचा खुलासा ती परत आणत नाही.

खात्रीच होत नसेल तर ‘विभागाचे पथक तपासणीसाठी आले’ असे लिहावे. ‘तपासणी’ दोन्हींना चालते.

याच घोळात ‘ईडीवाले’ही ओढले जातात. प्रवर्तन संचालनालय वित्त मंत्रालयाच्या महसूल विभागाखाली आहे हे खरे, पण ते कर गोळा करत नाही. त्याचे काम मनी लाँडरिंग आणि परकीय चलनाच्या कायद्यांचे. ईडीच्या माणसांना टॅक्सवाले म्हणणे चूकच.

कर ‘चुकवला’ की ‘चुकता केला’?

टॅक्सवाल्यांविषयीच्या मजकुरात ही चूक हमखास सापडते, आणि ती हिंदीतून येते. हिंदीत ‘चुकाना’ म्हणजे फेडणे. मराठीत ‘चुकता करणे’ म्हणजे पूर्ण भरणे, आणि ‘चुकवणे’ म्हणजे हूल देणे. म्हणून ‘वेळेत कर चुकवा आणि दंड टाळा’ असा फलक मराठी वाचकाला गुन्ह्याचे आमंत्रण वाटतो. ‘कर भरा’ एवढे साधे पुरते. कायद्याच्या चौकटीत सवलत घेणे म्हणजे ‘कर वाचवणे’. उत्पन्न दडवणे म्हणजे ‘कर चुकवणे’ किंवा ‘करचोरी’. ‘कर टाळणे’ दोहोंच्या मध्ये लटकते, तेव्हा नेमके काय केले तेच लिहा.

गावात ‘टॅक्सवाले’ नसतात

शहरी लेखकाने गावाविषयी लिहिताना सर्रास होणारी चूक: ‘तलाठ्याने घरपट्टी मागितली.’ तलाठी घरपट्टी मागत नाही. शेतसारा, म्हणजे जमीन महसूल, तलाठ्याकडे. घरपट्टी आणि पाणीपट्टी ग्रामपंचायतीकडे, म्हणजे ग्रामसेवकाकडे. तलाठ्याच्या वर मंडळ अधिकारी, ज्याला गावात अजून ‘सर्कल’च म्हणतात, आणि त्याच्या वर तहसीलदार. तलाठ्याचे आताचे पदनाम ग्राम महसूल अधिकारी, ग्रामसेवकाचे ग्रामपंचायत अधिकारी. पण पारावर हे शब्द ऐकू यायला वेळ लागेल. संवादात जुने, अर्जात नवे, असे धोरण ठेवावे. गावात दोघांनाही ‘भाऊसाहेब’ म्हणण्याची पद्धत अनेक भागांत आहे. त्यामुळे ‘भाऊसाहेबांनी पावती दिली’ यावरून कोणता कर भरला हे कळत नाही. पावती पाहावी लागते.

कागदांचाही असाच गोंधळ होतो. ‘आठचा उतारा आणा’ असे कोणी सांगितले तर दोन वेगळे कागद संभवतात. गाव नमुना ८-अ हा महसुली कागद: एका खातेदाराच्या नावावर गावात किती जमीन, तिचा आकार, म्हणजे सारा, किती, हे त्यात असते. ग्रामपंचायतीचा नमुना ८ ही घरांची कर आकारणी नोंदवही: मिळकत क्रमांक, मालक, बांधकाम, बसवलेला कर. घराच्या कामासाठी ८-अ घेऊन गेलेला माणूस हेलपाटा घालतो, शेताच्या कामासाठी नमुना ८ नेणाराही. म्हणून लिहिताना ‘आठ’ इतकेच लिहू नका; ‘जमिनीचा ८-अ’ किंवा ‘घराचा नमुना ८’ असे लिहा.

आता एक गंमत. ‘तहसील’ आणि ‘महसूल’ हे दोन्ही एकाच अरबी धातूतून आलेले, ‘हासील’ही तिथलाच. तहसील म्हणजे मुळात गोळा करणे, तहसीलदार म्हणजे गोळा करणारा. ‘कलेक्टर’चाही शब्दशः अर्थ तोच, बंगालमध्ये १७७२ साली ईस्ट इंडिया कंपनीने हे पद काढले ते महसूल गोळा करायला. आज ‘कलेक्टर ऑफिसला जातो’ म्हणणाऱ्याच्या मनात कर येतही नाही. म्हणून जुन्या कागदपत्रांविषयी लिहिताना आजच्या जिल्हाधिकाऱ्याचे चित्र मागे ढकलू नका. त्या ‘कलेक्टर’चे पहिले काम सारा वसूल करणे हेच होते.

संपलेल्या करांची माणसे

‘जकातवाले’ आता नाहीत. मुंबईतही १ जुलै २०१७ ला जीएसटी आला आणि जकात गेली; नाक्यांची नावे तेवढी बसथांब्यांवर उरली. २०१७ नंतरच्या काळातल्या कथेत ट्रक जकात भरायला थांबला तर चाणाक्ष वाचक हसतो. टोलनाक्यावरचा माणूसही जकातवाला नव्हे आणि टॅक्सवालाही नव्हे. टोल हे रस्ता वापरण्याचे शुल्क आहे आणि ते घेणारा बहुधा कंत्राटदाराचा कर्मचारी. ख्रिस्ती मराठीत मात्र ‘जकातदार’ हा रोमन काळातल्या कर गोळा करणाऱ्यासाठी रुळलेला शब्द आहे. तिथे तो बदलून ‘कर अधिकारी’ करू नका, लोकांचा त्याच्यावरचा राग त्या शब्दातच आहे.

‘सेल्सटॅक्सवाले’ची गोष्ट वेगळी. विक्रीकर विभाग जाऊन राज्याचा वस्तू व सेवा कर विभाग झाला, विक्रीकर निरीक्षकाचा राज्यकर निरीक्षक झाला. तरी स्पर्धा परीक्षेच्या मुलांना काहीच बदलावे लागले नाही, कारण ‘सेल्स टॅक्स इन्स्पेक्टर’चा ‘स्टेट टॅक्स इन्स्पेक्टर’ झाला तरी इंग्रजी आद्याक्षरे ‘एसटीआय’च राहिली. संवादात जुना दुकानदार ‘सेल्सटॅक्सवाले’ म्हणाला तर तसेच ठेवा. निवेदनात नवे नाव द्या.

इंग्रजी ‘टॅक्समन’चे भाषांतर

इंग्रजी मथळ्यांतला ‘टॅक्समन’ हा कोणी माणूस नसतो. एकवचनी दिसला तरी तो अख्ख्या खात्याचा मुखवटा आहे. ‘कर घेणारा माणूस म्हणाला’ हे भाषांतर म्हणूनच हास्यास्पद होते. भारतातली बातमी असेल तर ‘प्राप्तिकर विभाग’, ब्रिटनची असेल तर तिथले ‘महसूल व सीमाशुल्क खाते’, आणि सूर हलकाफुलका ठेवायचा असेल तर ‘टॅक्सवाले’. बहुवचन ठेवले की पुरुषवाचकतेचा प्रश्नही सुटतो.

‘टॅक्सवाल्यांनी पगार कापला’

कापत नाहीत. टीडीएस, म्हणजे पगारातून आधीच कापला जाणारा प्राप्तिकर, कंपनी कापते आणि तुमच्या पॅनवर भरते. रक्कम चुकली तर आधी कंपनीच्या लेखा विभागाला विचारायचे. आणि फेब्रुवारीत १०० रुपये जास्त का गेले, ही तक्रार तर प्राप्तिकराचीच नव्हे. तो राज्याचा व्यवसाय कर: वरच्या टप्प्यात ११ महिने २०० रुपये आणि फेब्रुवारीत ३००, वर्षाचे २,५००.

‘टॅक्सवाल्यांचा फोन आलाय’

शब्दाच्या ढिलेपणाचा सर्वांत जास्त फायदा भामटे घेतात. ‘टॅक्स ऑफिसमधून बोलतोय’ यात कोणतेही खाते नाही, हे आधी लक्षात घ्या. विचारा: कोणता कर? कोणते वर्ष? पत्राचा क्रमांक काय? प्राप्तिकर विभागाच्या पत्रव्यवहारावर १ ऑक्टोबर २०१९ पासून डीआयएन, म्हणजे दस्तऐवज ओळख क्रमांक असावा लागतो. तो मिळाला की विभागाच्या ई-फायलिंग पोर्टलच्या पहिल्याच पानावर ‘क्विक लिंक्स’मध्ये नोटीस पडताळण्याचा दुवा आहे. लॉगिन लागत नाही. डीआयएन आणि मोबाइल क्रमांक टाका, ओटीपी भरा. पत्र खरे असेल तर नोंद दिसते. डीआयएन वाचता येत नसेल तर पॅन, पत्राचा प्रकार, कर निर्धारण वर्ष आणि पत्राची तारीख देऊनही शोधता येते. इथला ओटीपी तुम्ही स्वतः पोर्टलवर भरायचा आहे. फोनवरच्या माणसाला सांगायचा नाही. पोर्टलचा पत्ता स्वतः टाइप करा, आलेल्या मेसेजमधल्या दुव्यावरून जाऊ नका. नोंद नसेल तर काहीही भरू नका, आणि पैसे गेलेच असतील तर १९३० या सायबर हेल्पलाइनला लगेच फोन करा. तिथे तक्रार नोंदवतानाही ‘टॅक्सवाल्यांनी फसवले’ म्हणू नका. फसवले ते टॅक्सवाले नव्हतेच.