वाडीचा सामाईक टीव्ही: खाऱ्या वाऱ्यात टिकणारी डिश आणि वादळाची बातमी

वाडीच्या सभागृहात टीव्ही लावायचा असेल तर दुकानात जाण्याआधी एक दिवस नुसतं आकाश बघण्यात घालवावा. कोकणात टीव्ही बंद पडतो तो बहुतेक वेळा माड, मीठ आणि पाणी या तिघांमुळे. संच कितीही महागडा घेतला तरी या तिघांचा बंदोबस्त आधी करावा लागतो.

घरोघरी मोबाइल असताना सामाईक टीव्ही कशाला, असं गावसभेत कोणीतरी विचारतंच. ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ श्रीवर्धन-दिवेआगर भागात किनाऱ्यावर आलं, तेव्हा रायगड आणि उत्तर रत्नागिरीतल्या कितीतरी गावांत वीज आणि मोबाइलची रेंज दोन्ही दिवसचे दिवस नव्हते. मोबाइलला जवळ उभा असलेला, वीज असलेला मनोरा लागतो. डिशला फक्त मोकळं आकाश आणि एक बॅटरी पुरते. मधला मनोरा पडला तरी उपग्रहाचं काही बिघडत नाही आणि एकच बातमी मुंबईपासून बांद्यापर्यंत सगळ्यांना एकाच क्षणी मिळते. उपग्रहावरून खेड्यांत टीव्ही पोहोचवण्याच्या १९७५-७६ सालच्या 'साइट' प्रयोगात सहा राज्यांतल्या २,४०० गावांत असेच सार्वजनिक संच लावले होते. तेव्हा एका संचासाठी ३ मीटर व्यासाची जाळीची डिश लागत असे. आज ९० सेंटिमीटरची पुरते.

काय घ्यावं

सार्वजनिक जागेसाठी दूरदर्शनची फ्री डिश सर्वांत सोयीची. महिन्याचं भाडं नाही, त्यामुळे वर्गणी संपली म्हणून ऐन जुलैत टीव्ही बंद पडत नाही. डीडी सह्याद्री त्यावर कायम असते. खाजगी चॅनल मात्र दरवर्षी लिलावात जागा विकत घेऊन येतात आणि ती मुदत एप्रिल ते मार्च असते. म्हणून १ एप्रिलच्या सुमारास एखादं मराठी चॅनल गायब झालं तर डिशला हात लावू नका. बॉक्सवर नव्याने स्कॅन करा आणि तरीही नाही दिसलं तर ते चॅनलच फ्री डिशवरून गेलं असं समजा. बॉक्स एमपेग-४ चाच घ्यावा, जुन्या एमपेग-२ बॉक्सवर काही चॅनल दिसत नाहीत. गच्चीवर जुना काड्यांचा अँटेना असेल तर तो उतरवून टाका. दूरदर्शनची जमिनीवरची जुनी प्रक्षेपण केंद्रं २०२२ पर्यंत जवळपास सगळी बंद झाली.

दुकानदार ६० सेंटिमीटरची डिश पुढे करतो. घाटावर ती चालते. आपल्याकडे ९० ची घ्या. व्यास दीडपट झाला की पकडणारं क्षेत्रफळ सव्वादोन पट होतं आणि मुसळधार पावसात टीव्ही चालू राहणं न राहणं याच फरकावर ठरतं. या संकेतांची लहर जेमतेम अडीच सेंटिमीटर लांबीची असते आणि पावसाचे मोठे थेंब ती शोषतात, विखुरतात. ढगफुटीसारख्या पावसात ९० ची डिशही पाच-दहा मिनिटं हार मानेल. पण साध्या श्रावणसरीत चित्र अडकत असेल तर दोष पावसाचा नाही, डिश लावण्यात चूक झाली आहे.

जागा: सूर्यालाच विचारा

फ्री डिशचा उपग्रह, जीसॅट-१५, विषुववृत्तावर ९३.५ अंश पूर्व रेखांशावर आहे. रत्नागिरीहून तो उत्तरेपासून उजवीकडे मोजत सुमारे १२८ अंशांवर, म्हणजे आग्नेयेच्या किंचित पूर्वेला, आणि क्षितिजापासून ५९ अंश उंच असतो. अलिबागला १३० आणि ५८, सावंतवाडीला १२७ आणि साडेसाठ. एवढ्या उंचीवर असल्यामुळे समोरचं घर किंवा टेकडी क्वचितच आड येते. आड येतात ते माड.

मोबाइलमधलं होकायंत्र पत्र्याजवळ आणि लोखंडी खांबाजवळ हमखास फसवतं. त्यापेक्षा भरवशाची खूण सूर्याची. कोकणपट्टीत १३ मार्चच्या आसपास सकाळी सव्वाअकराच्या सुमारास, आणि ३० सप्टेंबरच्या आसपास अकराला पाच-दहा मिनिटं कमी असताना, सूर्य बरोबर या उपग्रहाच्या मागे येतो. त्या वेळी डिश जिथे बसवायची तिथे ऊन असेल तर जागा चांगली. झावळीची सावली पडत असेल तर तिथे चित्र मिळणार नाही, आणि वाऱ्याने झावळी हलली की चित्र येत-जात राहील. माड वर्षाला अर्धा-एक मीटर वाढतो, तेव्हा आज जेमतेम सुटणारा कोवळा माड चार वर्षांनी आडवा येणारच. याच दिवसांत, याच वेळी, चालू टीव्ही काही मिनिटं आपोआप बंद पडतो आणि परत सुरू होतो. सूर्याचा स्वतःचा गोंगाट उपग्रहाच्या संकेतावर मात करतो म्हणून असं होतं. चार-पाच दिवस हे चालतं. तो बिघाड नाही, मेकॅनिक बोलावू नका.

खांब आणि गंज

कौलांवर डिश बसवू नये. रीप हलते, कौल फुटतं आणि पागोळी थेट आत येते. जांभ्याच्या चिऱ्याच्या भिंतीत नुसते अँकर बोल्ट ठोकणं ही दुसरी नेहमीची चूक. जांभा सच्छिद्र असतो, तो बोल्टाला धरत नाही आणि दोन पावसाळ्यांत भोक मोठं होतं. भिंतीवरच लावायची असेल तर चिऱ्यात ४ इंच खोल खाच पाडून काँक्रीट भरा आणि बोल्ट त्यात बसवा. सर्वांत उत्तम म्हणजे खळ्यात, म्हणजे अंगणात, स्वतंत्र खांब. २ इंची, गरम जस्तात बुडवलेला जीआय पाइप, दीड फूट लांब, दीड फूट रुंद आणि दोन फूट खोल खड्ड्यात काँक्रीट करून उभा करायचा. ओळंब्याने चारी बाजूंनी बघा. पाइप एक अंश कलला तर पुढची सगळी मापं एका अंशाने चुकतात. पाइपाचं वरचं तोंड बुजवा, नाहीतर आत पाणी साचून तो आतून कुजतो.

नट-बोल्ट स्टेनलेस स्टीलचे, शक्य तर ३१६ प्रतीचे. डिशसोबत पिशवीतून येणारे चकचकीत बोल्ट समुद्रापासून अर्ध्या किलोमीटरवर वर्षभरात लालभडक होतात. ग्रीस लावून बसवा, म्हणजे पुढच्या वेळी उघडतील तरी.

केबल आरजी-६ घ्या, आतली तार पूर्ण तांब्याची. स्वस्त केबलमध्ये तार लोखंडी आणि वर तांब्याचा मुलामा असतो. टोकाला ती गंजली की एलएनबीला, म्हणजे डिशसमोरच्या दांडीवर बसवलेल्या, संकेत पकडणाऱ्या डबीला, वीजच पोहोचत नाही. इथल्या बहुतेक बिघाडांचं मूळ एलएनबीच्या जोडावर सापडतं. जोडात सिलिकॉन ग्रीस भरा, वर स्वतःला चिकटणारी रबरी टेप खालून वर अशी ताणून गुंडाळा, म्हणजे कौलांसारखे पदर पडतात आणि पाणी आत शिरत नाही. केबल घरात नेण्याआधी तिला खाली झोळ द्या. पाणी झोळावरून ठिबकून जातं, भिंतीतल्या भोकातून आत येत नाही.

डिश जुळवणं

बॉक्सच्या यादीत जीसॅट-१५ निवडा. जुन्या बॉक्समध्ये तिथे इन्सॅट ४बी असं नाव दिसेल, जागा तीच. एलएनबीचा प्रकार युनिव्हर्सल निवडा, म्हणजे ९७५० आणि १०६०० हे आकडे.

आता एलएनबीची फिरवणी. डिशच्या मागे उभे राहून उपग्रहाकडे तोंड केलं की एलएनबीचं केबल लावायचं तोंड घड्याळातल्या साडेचारच्या जागी हवं, म्हणजे सरळ खाली असताना ते घड्याळाच्या उलट दिशेने ४८ अंशांच्या आसपास फिरवायचं. चुकून साडेसातला लावलं तर आडवे-उभे संकेत अदलाबदल होतात आणि दिशा बरोबर असूनही चॅनल येत नाहीत. तासन्‌तास डिश हलवत बसलेल्या माणसाची चूक बहुधा हीच असते.

उंचीचा कोन कंसावरच्या मापावर ५९, किंवा वर दिलेला आपल्या भागाचा आकडा, ठेवा. ऑफसेट डिश डोळ्याला तितकी वर बघणारी दिसणार नाही, कारण तिचं केंद्र मुद्दाम बाजूला काढलेलं असतं. डिशच्या चेहऱ्यावर विश्वास ठेवू नका, मापावर ठेवा. मग डिश आडवी, एका वेळी एक अंश, सरकवा आणि दर वेळी तीन सेकंद थांबा. पडद्यावरच्या दोन पट्ट्यांपैकी 'स्ट्रेंथ' उपग्रह नसतानाही वर असते. 'क्वालिटी' बघा. ९० ची डिश जेमतेम दोन अंशांचा पट्टा बघते, म्हणून हातघाई केली की उपग्रह निसटतो. ९१.५ आणि ९५ अंशांवर दुसरे उपग्रह आहेत. क्वालिटी आली पण स्कॅनमध्ये सह्याद्री नाही, तर शेजाऱ्याच्या दारात गेलात.

बोल्ट आवळताना डिश थोडी हलतेच. क्वालिटी बघतच, एकाआड एक बोल्ट आवळा. आणि मग ऑइलपेंटने पाइप आणि क्लँप या दोन्हींवरून जाणारी एक आडवी आणि एक उभी रेघ मारा. वादळाची सूचना आली की डिश काढून आत ठेवता येते आणि वारा पडल्यावर रेघेला रेघ जुळवून दहा मिनिटांत पुन्हा लावता येते. वादळात उडालेली डिश कौलं आणि माणसं दोन्ही फोडते.

हे सगळं आगोटीच्या, म्हणजे पावसाळ्याआधीच्या, कामांतच उरकावं, मेच्या पहिल्या पंधरवड्यात. जोड उघडून बघणं, झावळ्या तोडणं, डिश गोड्या पाण्याने धुणं.

वीज आणि वीज

खांब ६ चौरस मिलिमीटर तांब्याच्या तारेने इमारतीच्या अर्थिंगला जोडा. जांभ्याची जमीन उन्हाळ्यात कोरडी पडते आणि अर्थिंग नावापुरतं उरतं, म्हणून एप्रिल-मेमध्ये खड्ड्यात पाणी घाला. तरीही गडगडाट ऐकू आला की प्लग आणि डिशची केबल दोन्ही काढा. नुसतं रिमोटने बंद करणाऱ्यांचे बॉक्स दर ऑक्टोबरला जळतात.

४३ इंची संच, बॉक्स, स्पीकर आणि इन्व्हर्टरची गळती मिळून १३० ते १४० वॉट लागतात. १२ व्होल्ट, १५० अँपिअर-अवरची बॅटरी ६० टक्के वापरली तर साधारण आठ तास मिळतात. सलग लावली तर एका दिवसात संपते. दर वेळी पंधरा मिनिटं, दिवसातून आठ वेळा, असं वाटून घेतलं तर चार दिवस पुरते.

कोण कुठे बसेल

पडद्याखालची धावती पट्टी वाचता आली पाहिजे. ४३ इंची संचाची पट्टी साडेतीन-चार मीटरपर्यंत वाचता येते, त्यामागे बसणारे फक्त चित्र बघतात. ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी आवाज महत्त्वाचा, आणि पत्र्याच्या छपरावर पाऊस कोसळू लागला की टीव्हीचे स्वतःचे स्पीकर निरुपयोगी ठरतात. बाहेरचा एक स्पीकर लावा, माणसांच्या डोक्याच्या उंचीवर, मधोमध. रिमोट एकाच्या ताब्यात असू नये. बायकांची, शाळकरी मुलांची आणि मच्छीमारांची वेळ वेगवेगळी लिहून भिंतीवर लावा. नाहीतर महिन्याभरात तो चार तरुणांचा टीव्ही होतो आणि बाकीची वाडी यायची बंद होते.

वादळाची बातमी कशी पाहावी

चक्रीवादळ झाल्यावर हवामान खातं दर तीन तासांच्या निरीक्षणांवर नवं पत्रक काढतं: पहाटे साडेपाच, साडेआठ, साडेअकरा, अडीच, असं. त्यानंतर तासा-दीड तासाने टीव्ही लावला तर नवी माहिती मिळते. मधल्या वेळात चॅनलवर जुनीच माहिती मोठ्या आवाजात फिरत असते आणि बॅटरी जाते. लाटांचं दृश्य दाखवत असतील तर कोपऱ्यात ठिकाण आणि तारीख आहे का बघा. नसेल तर त्यावरून काहीही ठरवू नका.

सूचनेचे टप्पे लक्षात ठेवा. पूर्वसूचना ७२ तास आधी, सावधगिरीचा इशारा ४८ तास आधी, प्रत्यक्ष वादळाचा इशारा २४ तास आधी, आणि किनारा ओलांडल्यानंतर काय होईल याचा अंदाज १२ तास आधी. होड्या वर ओढण्याचं काम दुसऱ्या टप्प्यात संपायला हवं. 'मुसळधार' म्हणजे २४ तासांत ६४.५ मिलिमीटरपासून, 'अतिमुसळधार' ११५.६ पासून, आणि २०४.४ च्या पुढे 'अत्यंत मुसळधार'. 'तुरळक ठिकाणी' याचा अर्थ हलका पाऊस असा नाही. त्या विभागातल्या चौथाई किंवा त्याहून कमी केंद्रांवर तो पडेल, एवढाच त्याचा अर्थ, आणि त्यात आपलं गाव असू शकतं. 'कोकणात रेड अलर्ट' एवढंच ऐकून थांबू नका. पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंतचा पट्टा कोकणच आहे, जिल्ह्याचं नाव ऐका.

'किनारा कुठे ओलांडणार' यावर चॅनलं फार भर देतात. मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळाने किनारा गुजरातेत ओलांडला, पण तिकडे जाताना कोकणच्या कडेकडेने गेलं आणि इथे घरं, बागा, होड्या मोडल्या. म्हणून वादळाचा मार्ग दाखवणारा नकाशा बघा आणि आपल्या बंदरापासून ते किती किलोमीटरवरून जाणार हे विचारा. बंदरावर तीन नंबरचा, म्हणजे सावधगिरीचा, बावटा लागला असेल आणि टीव्हीवर सगळं शांत दिसत असेल, तर बावट्याचं ऐका.

ऐकलेलं एका फळ्यावर खडूने लिहा: पत्रकाची वेळ, वाऱ्याचा वेग, जिल्हा, पुढचं पत्रक कधी. टीव्ही बंद असताना येणाऱ्याला फळा पुरतो. जोडीला बॅटरीवरचा ट्रान्झिस्टर ठेवा, आकाशवाणी रत्नागिरी लावून.

चॅनलने चुकीची किंवा घबराट पसरवणारी बातमी दिली तर चॅनल, तारीख, वेळ आणि नेमके शब्द लगेच टिपून घ्या. २०२१ च्या नियमांप्रमाणे तक्रार आधी चॅनलकडेच करायची. २४ तासांत पोच आणि १५ दिवसांत निर्णय देणं त्यांना बंधनकारक आहे. समाधान झालं नाही तर पुढच्या १५ दिवसांत, ते चॅनल ज्या स्वनियमन संस्थेचं सभासद आहे तिच्याकडे अपील करता येतं. तक्रार वाडीच्या सह्यांनिशी पाठवा आणि तिची प्रत फळ्याशेजारी लावा.