टपाल तिकिटांवरून प्रशांत बेटांचा इतिहास कसा वाचावा

प्रशांत महासागरातल्या बेटांचा इतिहास वाचायला घेतला की दोन प्रकरणांतच डोकं गरगरतं. एकच बेट या पानावर जर्मनीचं, पुढच्या पानावर जपानचं, त्याच्या पुढे अमेरिकेचं. माझा उपाय असा, की आधी तिकिटं बघायची आणि मग पुस्तक उघडायचं. तिकिटंही सगळी नकोत. ओव्हरप्रिंट असलेली तेवढी शोधा, म्हणजे आधीच छापून तयार असलेल्या तिकिटावर नंतर कुणीतरी आपली अक्षरं उमटवलेली. राज्य बदललंय, नवी तिकिटं छापून यायला अवकाश आहे आणि टपाल तर थांबवता येत नाही. अशा वेळी जुन्याच गठ्ठ्यावर नव्या धन्याचं नाव चढतं.

त्यासाठी पदरचे पैसे खर्च करायची गरज नाही. कॅटलॉगमधली, संग्रहालयांनी इंटरनेटवर ठेवलेली मोठी छायाचित्रं अभ्यासाला पुरतात. हातात तिकीट असेल तर भिंग आणि चिमटा, बस. प्रत्येक तिकिटाला मी त्याच क्रमाने प्रश्न विचारते: मूळ तिकीट कुणाचं, वर नाव कुणाचं, किंमत कुठल्या चलनात, आणि रद्द करणारा शिक्का कुठल्या गावचा. चलनाकडे नवखे लोक हमखास काणाडोळा करतात, पण व्यापार कुणाच्या हातात गेला ते तिथे कळतं.

सुरुवात फिजीपासून करा, कारण इतकं स्वच्छ उदाहरण दुसरं नाही. 1871 मध्ये लेवुका इथे थाकोम्बाऊ या सरदाराला राजा म्हणून पुढे करून सरकार स्थापन झालं. मागे गोरे मळेवाले आणि व्यापारी होते. त्या सरकारची तिकिटं सिडनीत छापली गेली. त्यांवर मुकुट आणि सी.आर. ही अक्षरं, म्हणजे थाकोम्बाऊ राजा (फिजीत ‘थ’साठी रोमन सी लिहितात). आता 1874 चं तिकीट भिंगाखाली धरा. तोच मुकुट, तेच सी.आर., आणि त्यावर काळ्या शाईत व्ही.आर., व्हिक्टोरिया राणी. दोन राज्यकर्त्यांची आद्याक्षरं एकाच इवल्याशा कागदावर! 10 ऑक्टोबर 1874 रोजी लेवुकातच थाकोम्बाऊ आणि इतर सरदारांनी सह्या करून फिजी ब्रिटनच्या स्वाधीन केलं. पुढे 1878 मध्ये नक्षी तशीच ठेवून फक्त सीच्या जागी व्ही बसवला गेला.

इथे थांबून विचारा, की राजाने राज्य का दिलं? उत्तरासाठी 1849 पर्यंत मागे जावं लागतं. नुकुलाऊ बेटावर अमेरिकेच्या व्यापारी प्रतिनिधीचं घर 4 जुलैच्या जल्लोषात जळालं, सामान लुटलं गेलं, आणि भरपाईची मागणी थाकोम्बाऊच्या गळ्यात पडली. ती फुगत फुगत 40,000 डॉलरच्या वर गेली. मळेवाल्यांच्या भानगडी होत्याच, त्यात हे कर्ज. म्हणून व्ही.आर.कडे बघताना एकट्या ब्रिटनला धरून बसू नका.

माझ्या अल्बमच्या पानावर त्या तिकिटाच्या खाली मी दोन ओळी हाताने लिहिल्या आहेत. पहिली: थाकोम्बाऊला सिडनीहून परत आणणाऱ्या जहाजातून जानेवारी 1875 मध्ये गोवर आला आणि सुमारे 40,000 माणसं दगावली. दुसरी: 14 मे 1879 रोजी ‘लिओनिडास’ जहाजातून पहिले गिरमिटिये, म्हणजे करारावर बांधलेले मजूर, उतरले, 1916 पर्यंत अशी 60,000 हून जास्त माणसं उसाच्या मळ्यांसाठी हिंदुस्थानातून नेली गेली. तिकिटावर यातलं काही नाही, म्हणूनच खाली जागा सोडायची.

दुसरं पान सामोआचं. मूळ तिकिटावर जर्मन सम्राटाची, कैसरची बोट ‘होहेनझोलर्न’ दिसेल. हीच बोट जर्मनीच्या सगळ्या वसाहतींच्या तिकिटांवर आहे, फक्त वरचं नाव बदलतं. तेव्हा चित्र बघून बेट ओळखायला जाऊ नका. ऑगस्ट 1914 च्या अखेरीस न्यूझीलंडचं सैन्य तिथल्या अपिया बंदरात उतरलं आणि या बोटीवर जी.आर.आय. अशी अक्षरं आली, राजा आणि सम्राट जॉर्जची. किंमत फेनिगमधून पेनीत गेली. या ओव्हरप्रिंटच्या नकला बाजारात ढिगाने आहेत. तज्ज्ञाचं प्रमाणपत्र नसेल तर पैसे टाकू नका.

नंतरची तिकिटं न्यूझीलंडची, वर ‘सामोआ’ छापलेली. त्यांत 1920 ची युद्धविजयाची मालिका आहे, तिच्याशी जरा रेंगाळा. 7 नोव्हेंबर 1918 रोजी ‘तालुने’ हे जहाज ऑकलंडहून अपियाला आलं. जहाजावर इन्फ्लुएन्झाचे रोगी होते, तरी ते विलगीकरणात ठेवलं गेलं नाही. काही आठवड्यांत सुमारे 8,500 माणसं गेली, म्हणजे लोकसंख्येचा पाचवा हिस्सा किंवा त्याहून जास्त. शेजारच्या अमेरिकन सामोआत गव्हर्नर पोयर यांनी बंदरावर कडक विलगीकरण लावलं. तिथे या साथीने एकही मृत्यू झाला नाही. आणि दोन वर्षांच्या आत अपियाच्या टपालघरात विजयाची तिकिटं! पुढे ‘माऊ’ ही अहिंसक चळवळ उभी राहिली, 28 डिसेंबर 1929 रोजी तिच्या मोर्चावर गोळीबार झाला, त्यात नेते तुपुआ तामासेसे लेआलोफी गेले. स्वातंत्र्य मिळालं ते 1 जानेवारी 1962 ला.

तारखांबाबत एक सावधगिरी. सामोआ 1892 मध्ये दिनांकरेषेच्या अमेरिकेकडच्या बाजूला गेलं आणि 2011 च्या अखेरीस परत आलं. मधल्या काळात अपियाची तारीख न्यूझीलंडच्या एक दिवस मागे असे. शिक्का आणि वर्तमानपत्रातली बातमी जुळत नसेल तर आधी हे तपासा.

न्यू हेब्रिडीजवर, म्हणजे आजच्या वनुआतूवर, ब्रिटन आणि फ्रान्स यांचं 1906 पासून संयुक्त राज्य होतं: दोन पोलीस दलं, दोन तुरुंग, दोन कायदे. 1908 ची तिकिटं शेजारी शेजारी लावा. ब्रिटिशांची फिजीच्या तिकिटांवर छापलेली, फ्रेंचांची न्यू कॅलेडोनियाच्या. हा कारभार 1980 पर्यंत चालला. हवाईचं 1893 चं ओव्हरप्रिंट तर दोन मिनिटांत कळतं: राणी लिलिउओकलानीच्या चेहऱ्यावर ‘हंगामी सरकार’. उलट दिशेचं एखादं तरी ठेवाच. नाऊरूने 31 जानेवारी 1968 ला स्वतंत्र झाल्यावर जुन्या तिकिटांवर स्वतःच ‘नाऊरू प्रजासत्ताक’ उमटवलं.

अलीकडच्या चकचकीत मालिका सरळ बाजूला ठेवा. तुवालूच्या 1980 च्या दशकातल्या तिकिटांवर रेल्वे इंजिनं आहेत, आणि तुवालूत रूळ कुठेच नाहीत. ती संग्राहकांना विकायलाच काढलेली.

मार्शल बेटांचं पान मी जवळजवळ कोरं ठेवते. जर्मनांनंतर तिथे जपानी तिकिटं चालली, मग अमेरिकन. स्वतःची टपालसेवा 1984 मध्ये आली. अमेरिकेने 1946 ते 1958 मध्ये तिथे 67 अणुचाचण्या केल्या, त्या याच कोऱ्या जागेत लिहायच्या.

आणि जिथे स्वतःचं तिकीटच नाही तिथे जुनं नाव हाताशी हवं. बनाबा शोधायचं तर ‘ओशन आयलंड’ या नावाने शोधा. गिल्बर्ट आणि एलिस बेटांच्या (म्हणजे आजच्या किरिबाती आणि तुवालूच्या; बनाबा किरिबातीत येतं) 1939 च्या मालिकेत तिथल्या फॉस्फेट धक्क्याचं तिकीट आहे. लोखंडी सांगाडा समुद्रावर पुढे आलेला, चित्र देखणं आहे. करार मात्र चित्रात नाही: 1900 मध्ये पॅसिफिक आयलंड्स कंपनीच्या अल्बर्ट एलिसने वर्षाला 50 पौंडांवर 999 वर्षांसाठी खाणकामाचा हक्क लिहून घेतला. न्यूझीलंडचं ‘पेपर्स पास्ट’ आणि ऑस्ट्रेलियाचं ‘ट्रोव्ह’ या फुकट संग्रहांत जुनं नाव टाकलंत तर त्या काळच्या बातम्या मिळतील. आजचं नाव टाकून फारसं हाती लागत नाही. डिसेंबर 1945 मध्ये बनाबाच्या लोकांना फिजीतल्या राबी बेटावर हलवलं गेलं, खाणकाम 1979 पर्यंत चाललं. त्यामुळे राबीची पाकिटं फिजीच्या पानावर लावा आणि बाजूला किरिबातीचा उल्लेख करा, कारण तिथल्या संसदेत राबीकरांचा एक प्रतिनिधी बसतो.